देसायांचा बुधवार

शेतकी कॉलेजातून शिकून आलेला माणूस सगळ्यात आधी एक गोष्ट सोडतो, ती म्हणजे शेतात जाणं. चिंचणूरच्या मारुतीराव देसायांचे चिरंजीव आनंदराव लांबच्या शहरात तीन वर्षं शेती शिकून परत आले, ते बूट घालून आले. चिंचणूरची जमीन बुटांच्या लायकीची नाही, हे त्यांच्या पहिल्याच दिवशी ध्यानात आलं. तेव्हापासून ते जमिनीचा अभ्यास माडीवरून करू लागले. माती वर मागवत. गडी टोपलीतून आणून देई, आनंदराव ती काचेच्या बरण्यांत भरत, बरणीवर इंग्रजीत चिठ्ठी डकवत आणि खिडकीत ओळीनं मांडून ठेवत. लोणच्याला बरणी उरेना, तेव्हा आईसाहेब रुक्माबाई थोड्या कुरकुरल्या. पण मुलगा शिकलेला आहे म्हटल्यावर त्या वर्षी लोणचं मडक्यात घातलं.

त्यातली थोडी माती आनंदरावांनी टपालानं एका प्रयोगशाळेत पाठवली. दीड महिन्यानं उत्तर आलं की माती काळी आहे. मारुतीरावांनी ही बातमी स्वतः चावडीवर जाऊन सांगितली. वेदगंगेच्या काठची माती काळी असते असा चिंचणूरचा पिढ्यान्‌पिढ्या समज होता. तो आता सरकारमान्य झाला.

ही गोष्ट एकोणीसशे सव्वीस-सत्तावीसच्या सुमाराची. हिंदुस्थानातला शेतकरी पोट कसं भरतो याची चौकशी करायला तेव्हा विलायतेहून एक कमिशन आलं होतं. कमिशन आलं की त्याच्याखालचे साहेब फिरू लागतात, साहेब फिरू लागले की त्यांच्याखालचे कारकून धावू लागतात, आणि कारकुनांची धूळ खाली बसायच्या आत जमीनदारांना शेतीचा कळवळा येतो. मारुतीरावांना तो फार जोरात आला. देसायांच्या घराण्यानं आदिलशाहीपासून ज्याचं राज्य त्याचं मीठ खाल्लं होतं आणि प्रत्येक मिठाची चव सारखीच लागली होती. इंग्रजी मिठाला मात्र एक जास्तीचा गुण होता. ते खाणाऱ्याला ‘रावसाहेब’ म्हणत. मारुतीरावांना रावसाहेब व्हायचं होतं. दुसरी कसलीही इच्छा त्यांना नव्हती, कारण दुसरं सगळं कुळं करत.

तेव्हा बापलेकांनी ठरवलं की चिंचणुरात एक नमुन्याचं शेत काढायचं. मॉडेल फार्म. नव्या लोखंडी नांगरानं नांगरट, शास्त्रीय पद्धतीची तंबाखू, रस्त्याकडेला पाटी. शेतकी खात्याचा गोरा साहेब निपाणीला दौऱ्यावर येणार होता, त्याला बोलावून दाखवायचं.

रान कुठलं घ्यायचं, यावर मात्र चर्चा झालीच नाही. गावात रस्त्याला लागून, मोटार थेट बांधापर्यंत जाईल असं एकच रान होतं, नदीकडची मळी, आणि ती गावातली सगळ्यात चांगली राखलेली जमीन होती. सुधारणा दाखवायची तर ती आधीच सुधारलेल्या ठिकाणी दाखवावी, एवढी अक्कल कॉलेजात न जाताही मारुतीरावांना होती. अडचण इतकीच, की त्या रानात गुणाबाई होती.

गुणाबाई देसायांची कूळ. नवरा प्लेगात गेला तेव्हापासून ती मळी तीच कसत आली होती. तिच्या सासऱ्यानंही तीच कसली होती. जमीन देसायांची, कसणूक गुणाबाईची, असं गावात सगळ्यांना ठाऊक होतं. कागदावर मात्र पहिलंच अर्धं होतं. गुणाबाई गरीब होती, पण गरीब माणसानं मालकापुढं कसं उभं राहावं याचं शिक्षण तिला कुणी दिलेलं नव्हतं. बोलताना ती समोरच्याच्या तोंडाकडे बघे, आणि बघून झालं की हसे. देसायांना तिचं बोलणं चालत असे. हसणं चालत नसे.

होळीच्या आदल्या दिवशी तिला सोप्यात बोलावून मारुतीरावांनी सांगितलं, “पाडव्याला मळी सोडायची.”

“का वं सरकार? म्या काय क्येलं?”

“तू काही केलं नाहीस. आता शास्त्र करणार आहे.”

गुणाबाईनं आनंदरावांच्या बुटांकडे बघितलं. “ह्येनी करनार?”

“हो.”

“मग मी कुठं जाऊ?”

“दुसरीकडे माळाला देईन थोडी. खडक आहे, पण हवा चांगली आहे.”

“हवा पेरू व्हय त्येच्यात?” गुणाबाई म्हणाली, आणि हसली. पण घरी जाताना ती मळीवरून वळसा घालून गेली. ती मळी गेली तर तिच्यापाशी दोन हात आणि एक कोळपं उरणार होतं, हे तिला कळत होतं आणि आता तुम्हालाही कळलं.

आता वाराचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं काही उलगडणार नाही. चिंचणूरची गावदेवी लक्ष्मी. तिचा वार मंगळवार. त्या दिवशी औताला बैल जुंपायचा नाही, रानात लोखंड घालायचं नाही. कुणी वार मोडला तर ते रान देवीकडं जातं. म्हणजे गावातलं कुणी त्यात पाऊल टाकत नाही, बैल देत नाही, रोजगाराला येत नाही. सुटका एकच. ते रान ज्या घराच्या कसणुकीत असेल, त्या घरच्या बाईनं सगळ्या गावादेखत देवीची ओटी भरायची, गुरवानं कौल लावायचा, उजवी कळी पडली की रान मोकळं. असा प्रसंग कित्येक वर्षांत आला नव्हता. चिंचणूरकर फार भाविक होते असं नाही. आठवड्यातला एक दिवस काम करू नकोस असं देव सांगत असताना उगाच वाद घालावा, असा मोह त्यांच्यापैकी कुणाला झाला नव्हता.

आणि साहेबाच्या दौऱ्यात चिंचणूरला वार आला तो मंगळवार.

“साहेबांना बुधवारी बोलवा की,” रुक्माबाई म्हणाल्या.

मारुतीरावांनी बायकोकडे अशा नजरेनं पाहिलं, जणू तिनं सूर्याला दुपारनंतर उगवायला सांगितलं होतं. “साहेब हलत नसतो,” ते म्हणाले. “देवी हलते.”

त्यांनी भरमा गुरवाला बोलावलं. भरमा हा देवी आणि गाव यांच्यामधला मनुष्य. असल्या जागेवर बसलेला माणूस दोन्हीकडून खातो आणि दोन्हीकडं बारीकच दिसतो.

“भरमा, देवी काय म्हणते?”

“काय म्हननार, सरकार. न्हाणं झालंया, निवद झालाया. बरी हाय.”

“तिला वार हलवायचा आहे.”

“तिला?”

“आम्हाला. पण हलवायचा तिनं.”

भरमानं टोपी काढून डोकं खाजवलं. “कौल लावाय पायजे. गाव गोळा कराय पायजे.”

“उजवा पडेल?”

“त्ये देवीच्या मनावर हाय, सरकार,” भरमा म्हणाला, आणि जरा थांबून पुढं म्हणाला, “आन पान्याच्या.”

कौल म्हणजे देवीच्या दोन खांद्यांवर दोन कळ्या ओल्या करून चिकटवायच्या. उजवी आधी पडली की होकार, डावी पडली की नकार. जास्त ओली कळी जास्त वेळ चिकटते, कमी ओली लवकर गळते. हे गावातल्या शेंबड्या पोरालाही माहीत होतं आणि तरीही सगळे हात जोडून बसत. ह्यात विसंगती आहे असं कुणाला वाटत असेल त्यानं कोर्टात एकदा लोक शपथ घेतात ती बघावी.

“एवढंच विचार, बुधवार चालेल का,” मारुतीरावांनी बजावलं. “लांबण लावू नकोस. जास्त बोललं की गावाला फाटे फुटतात.”

पुढच्या शुक्रवारी गाव जमलं. भरमानं कळ्या लावल्या, घंटा बडवली आणि विचारलं, “आई, बुधवार चालंल का गं तुला?” उजवी कळी इतक्या तत्परतेनं पडली की प्रश्न पुरा व्हायला थोडा उशीर झाला. देसायांनी पागोटं सावरलं. आनंदरावांनी शेजारच्याला बाष्पीभवनाची माहिती दिली. शेजारच्यानं तिला नमस्कार केला.

गुणाबाई खांबाला टेकून उभी होती. ती काही बोलली नाही. गुणाबाई गप्प बसली म्हणजे चिंचणूरमधले जाणते लोक वादळाच्या धास्तीनं कडब्याच्या गंजीवर झाकण घालून ठेवत. देसायांना वाटलं, म्हातारीनं हाय खाल्ली.

मंगळवार उजाडला. लोखंडी नांगर सोप्यातून निघाला, त्याला हळद-कुंकू लावलं, आणि तेव्हा लक्षात आलं की नांगर धरायला माणूस नाही. देसायांचा सालगडी रवळू आदल्या दिवशीच चिकोडीला गेला होता. त्याचा मेव्हणा आजारी होता. दुसरा बघावा तर त्याचाही मेव्हणा आजारी. त्या दिवशी चिंचणूरच्या मेव्हण्यांत जणू साथच आली होती. बाकीचं गाव मात्र सणाचे कपडे घालून रस्त्याकडेला बसलं होतं. कौल मिळालाय म्हणता, मग या की पुढं, असं देसायांनी खडसावलं, तर एकजण नम्रपणे म्हणाला, “आमास्नी कळलाय वो कौल, सरकार. बैलास्नी कुठं कळलाय?”

तेवढ्यात साहेबाची मोटार आली. नाइलाजानं आनंदराव बुटांसकट रानात उतरले. ही त्यांची मळीतली पहिली भेट. त्यांनी नांगराची मूठ धरली आणि बैलांना म्हणाले, “चला. पुढे चला.”

त्या बैलांना जन्मात कुणी एवढ्या अदबीनं बोललेलं नव्हतं. ते दोघेही थांबून ऐकू लागले.

“चला ना,” आनंदराव म्हणाले.

“आता पान-सुपारी द्या,” रस्त्यावरून कुणीतरी सुचवलं.

“गप रं, कॉलेजातली बोली हाय ती. बैलं नापास झाल्यात.”

शेवटी मारुतीराव स्वतः काठी घेऊन धावले आणि बैल निघाले. लोखंडी फाळ मातीत शिरला तो शिरतच गेला. आनंदरावांनी तो वर काढण्यासाठी मूठ उचलली, म्हणजे जे करायचं त्याच्या बरोबर उलटं. नांगर रुतला, बैल बिथरले, आणि नांगराची अर्धी ओळ तिरकी ओढून औत बांध फोडून रस्त्यावर आलं, ते मोटारीच्या चाकाला टेकून थांबलं. साहेबानं टाळ्या वाजवल्या. नांगर वळवायची ही सुधारलेली रीत असावी असं त्याला वाटलं. त्याच्या दुभाष्यानं सांगितलं, “साहेब खूश आहेत. पावसाळा सरल्यावर परत येतील. या रानात तेव्हा उत्तम पीक उभं दिसलं, तर मारुतीरावांचं नाव वर पाठवतील. रान पडीक दिसलं, तर हा नांगर आणि ही पाटी दुसऱ्या तालुक्याला जाईल.” मग साहेब नदीकडं पाखरं मारायला गेला. शेतीची पाहणी संपली होती.

दुसऱ्या दिवशी बुधवार. देसायांच्या दुसऱ्या रानांत एकही औत निघालं नाही. बरोबर होतं, वार बुधवारी गेला होता. मारुतीरावांनी ते मान्य केलं. पण पुढचा मंगळवार आला, तेव्हाही औतं निघाली नाहीत. ते तरातरा चावडीवर गेले. गाव तिथंच बसलं होतं. भरमाही होता.

“आज काय झालं?”

“आज मंगळवार न्हवं का, सरकार.”

“वार बुधवारी गेलाय! देवीनं कौल दिलाय!”

सगळे भरमाकडे बघू लागले. भरमा छपराकडे बघू लागला. तेव्हा गुणाबाई बोलली, आणि जाणत्या लोकांनी हुश्श केलं.

“सरकार, तुमी देवीला काय इच्यारलं?”

“बुधवार चालेल का.”

“मग बाई म्हनाली, चालंल. बरं मग, मंगळवार सोडतीस का म्हनून कुनी इच्यारलं तिला?”

मारुतीरावांनी भरमाकडे पाहिलं.

“आयतं मिळतंय म्हटल्यावर कोन न्हाय म्हनंल?” गुणाबाई पुढं म्हणाली. “मला कुनी इच्यारलं, गुणाक्का, आनकी येक लुगडं चालंल का, तर मी म्हनंन चालंल की. म्हंजे हाय त्ये फेडून देतो व्हय मी?”

“भरमा!” मारुतीराव ओरडले.

“तुमीच म्हनालतासा, लांबण लावू नगंस,” भरमा म्हणाला.

गावानं ह्यावर थोडा विचार केल्यासारखं केलं. मंगळवार देवीचा जुना आणि बुधवार देसायांनी वाहिलेला, दोन्ही पाळायचे. कुणाचा विरोध नव्हता. आणि मंगळवार शाबूत असेल, तर मळीत लोखंड गेलं ते वारादिवशीच. म्हणजे मळी देवीकडं गेली.

त्याच आठवड्यात देसायांचा डावा बैल फुगला. आनंदरावांनी त्याला प्रदर्शनासाठी म्हणून पुस्तकात बघून शास्त्रीय खुराक सुरू केला होता, आणि पुस्तक विलायती बैलाचं होतं. बैल दोन दिवसांत उठला, पण तोवर बैल का पडला हे गावाला कळलं होतं, आणि त्यात खुराकाचा कुठंही उल्लेख नव्हता. रुक्माबाईंनी नवऱ्याला स्वच्छ सांगितलं की या दावणीचा बैल त्या रानात परत जाणार नाही, जायचाच असेल तर आधी मला जुंपा. मारुतीरावांना साहेबाशी बोलता येत होतं. रुक्माबाईंशी बोलायचं शिक्षण कुठल्याच कॉलेजात नव्हतं.

पाडव्याला गुणाबाई आली आणि सांगितल्याप्रमाणं मळी सोडून गेली. बांधाच्या टोकाला देवीची खूण म्हणून कडुलिंबाची डहाळी रोवून ती देसायांना म्हणाली, “घ्या सरकार, तुमचं रान. तेवढं देवीकडनं मागून घ्या, म्हंजे झालं.”

चैत्र गेला, वैशाख गेला. मळीत कुणी शिरलं नाही. नदीपलीकडून रोजगारी आणावेत म्हणून मारुतीरावांनी माणूस पाठवला. रोजगारी आले, न्याहारी केली, रानाच्या टोकाला डहाळी बघितली, “का पडलंय वो ह्ये?” म्हणून गावात चौकशी केली आणि न्याहारीबद्दल आभार मानून गेले. मग आनंदरावांनी चावडीवर अंधश्रद्धेवर व्याख्यान दिलं. देव असा दिवसांवर रागावत नसतो, हे त्यांनी सोदाहरण पटवलं. गावाला फार आवडलं. सगळे म्हणाले, बराबर हाय. मग आनंदराव म्हणाले, तर उद्या कोण येणार? तेव्हा एकजण उठून म्हणाला, “आमी येतो की. आधी तुमच्या आईसायेबांस्नी येक फेरा मारून येऊ द्या.” व्याख्यान तिथंच संपलं.

मृग लागला. मळीत हराळी उठली, गुडघाभर झाली. ‘मॉडेल फार्म’ अशी इंग्रजी पाटी हराळीतून डोकं काढून उभी होती; कशाचा नमुना, ते बघणाऱ्यानं ठरवायचं. सगळ्या गावानं लावणीसाठी तंबाखूच्या रोपांचं तरू टाकलं. गुणाबाईनंही टाकलं, आपल्या परसात, आणि बेताचं नाही, चांगलं मळीला पुरेल एवढं.

“गुणाक्का, लावनार कुठं गं?” बायका विचारत.

“बगू की.”

“माळावर?”

“माळावर हवा पेरलीया,” गुणाबाई म्हणे. पण ती रोज दोनदा त्या रोपांना पाणी घाली, आणि घालताना तिचं तोंड हसरं नसे. आषाढ सरेपर्यंत मळी मोकळी झाली नाही तर ते तरू उपटून शेळीपुढं टाकावं लागणार होतं, आणि पुढच्या साली तिला मळीवर कुणी उभंही करणार नव्हतं.

आषाढाच्या मध्याला साहेबाच्या कचेरीकडून विचारणा आली: पीक कसं आहे? मारुतीरावांनी उत्तर धाडलं, ‘समाधानकारक.’ मग रुक्माबाईंना हिरवी साडी नेसायला सांगितलं. देसायांच्या घरची बाई ओटी भरणार होती.

सगळं गाव देवळात आलं. रुक्माबाईंनी खण, नारळ, तांदूळ ओटीत घातले. भरमानं कळ्या लावल्या आणि रीतीप्रमाणं मोठ्यानं विचारलं, “ह्ये रान कुनाच्या कसनुकीचं?”

“देसायांच्या,” रुक्माबाई म्हणाल्या.

सगळे कळीकडे बघू लागले. उजवी पडली नाही. डावीही पडली नाही. भरमा हात जोडून उभा. देसायांनी त्याला आदल्या दिवशी एक धोतरजोडी दिली होती. पण गुरवाला धोतर वर्षातून एकदा लागतं आणि गावचं बलुतं रोज लागतं. बुधवारच्या कौलापासून त्याच्या बलुत्याच्या सुपात गाव फक्त धान्यातले खडे घालत आलं होतं. त्या दिवशी कळ्या पाण्यानं चिकटवल्या होत्या की आणखी कशानं, याची चौकशी कुणी केली नाही. एवढं मात्र खरं, की थोड्या वेळानं एक मुंगळा देवीच्या खांद्यावर चढला आणि कळीपाशी थांबून राहिला.

गाव बसलं. पानं खाल्ली. मुलांनी एक झोप काढली. रुक्माबाईंचे पाय दुखू लागले.

“भरमा, हे काय आहे?” मारुतीराव दबक्या आवाजात म्हणाले.

“देवीला उत्तर पटल्यालं दिसंना, सरकार.”

“मग कोणतं पटेल?”

“मी गुरव. मला काय ठावं? रानात ज्येचा हात, त्येची ओटी.”

सगळ्यांच्या माना वळल्या. गुणाबाई खांबाला टेकून बसली होती, त्याच खांबाला.

“गुणाबाई,” मारुतीराव म्हणाले, “ये. भर ओटी.”

“मी?” गुणाबाई म्हणाली. “मी कशाला भरू, सरकार? पाडव्याला सोडलंया की मी रान. परक्याच्या रानाची ओटी भरली तर देवी मलाच इच्यारंल, बाई, तू कोन?”

“मी सांगतोय ना.”

“मला सांगून काय हुतंय? तिला सांगा.”

मारुतीरावांनी भोवती पाहिलं. आनंदराव बुटांच्या नाड्या बांधत होते. देवळात बूट नव्हते, पण सवयीनं बोटं चालली होती. बाहेर पाऊस लागला होता. तरू लावायचे दिवस चालले होते, आणि दसऱ्यानंतर साहेबाची मोटार येणार होती. ‘रावसाहेब’ ही अक्षरं मारुतीरावांच्या डोळ्यांपुढं हराळीत बुडत चालली.

“रान गुणाबाईच्या कसणुकीत आहे,” ते पुटपुटले.

“ऐकू न्हाय आलं,” गुणाबाई म्हणाली.

“तुला कशाला ऐकू यायला पाहिजे?”

“मला आलं वो. तिला न्हाय आलं. देवी जरा भैरी हाय, भरमाला इच्यारा.”

“लई दिसापास्नं,” भरमा म्हणाला.

मारुतीरावांनी डोळे मिटले आणि ओरडले, “मळी गुणाबाईच्या कसणुकीत आहे! तिच्या सासऱ्यापासून आहे! पुढंही राहील!”

शेवटचं वाक्य त्यांनी भरात टाकलं. पण देवळात आवाज घुमतो, आणि सगळं गाव साक्षीला बसलं होतं.

गुणाबाई उठली. ओच्यातून खण आणि नारळ काढला. कुठून आणला होतास, कधी आणला होतास, असं कुणी विचारलं नाही. ओटी भरून झाल्यावर तिनं कोपऱ्यातली भरलेली घागर उचलली आणि देवीच्या उजव्या खांद्यावर पालथी केली. कळी, मुंगळा, सगळं वाहून खाली आलं.

“हे चालतं?” आनंदराव किंचाळले. “हे नियमात बसतं?”

“बाईमानूस बाईमानसाला आंगूळ घालतंया,” गुणाबाई म्हणाली. “तुमी जरा तिकडं त्वांड करा.”

“उजवी!” भरमा ओरडला. गाव उठलं. डावी कळी अजून जाग्यावरच होती, आणि यात्रेपर्यंत राहिली.

दोन दिवसांत मळी उकरली गेली. अख्खं गाव आलं, कुणाचाही मेव्हणा आजारी पडला नाही. दसऱ्यानंतर साहेब आला तेव्हा तंबाखू छातीला लागत होती. आनंदरावांनी पाटीजवळ उभं राहून फोटो काढून घेतला. गुणाबाईला फोटोत या म्हटलं, तर ती म्हणाली, मला शेंडं खुडायचं हाईत. पुढच्या वर्षी मारुतीराव रावसाहेब झाले. आनंदरावांना एका शेतकी शाळेत मास्तरकी मिळाली. ग्रामीण भागातल्या सुट्यांमुळे शेतीचं कसं नुकसान होतं, हा त्यांच्या अभ्यासाचा विषय ठरला.

पदवी मिळाल्यावर नव्या रावसाहेबांना वाटलं, देवळात आपण काही बोललो होतो ते आता विसरायला हरकत नाही. ते सकाळी मळीवर गेले. बांधावर गुणाबाई पाटीला पाठ टेकून भाकरी खात बसली होती. रान मोकळं, बैल झाडाखाली, औत उलथं टाकलेलं.

“काय गं, भर हंगामात बसलीस? रान सोडायचा विचार आहे का?”

“आज बुधवार न्हवं का, रावसायेब,” गुणाबाई म्हणाली. “तुमचा वार. मोडला तर रान पुन्यांदा देवीकडं जाईल, आन मग पुन्यांदा तुमास्नीच वरडाय लागंल.”